तिसऱ्या दिवसाची माशी

पल्ले, तू आधी नुसतं ऐक. मध्ये 'मग?' सुद्धा म्हणायचं नाही. मी थांबले की मला लाज वाटायला लागते आणि मग मी गोष्ट बदलते. माझा धंदाच तो आहे.

तर सकाळचे साडेदहा, शाळेच्या हॉलच्या दारात मी वायरींचा गुंता सोडवत बसलेय आणि समोरून सुभद्राक्का आली. मी टुणकन उठले, तोंडभर हसले आणि विचारलं, "अक्का, गुडघा कसा आहे आता?"

ती थांबली. माझ्याकडे बघितलं, मग मागे वळून बघितलं, आणखी कुठल्या अक्काला विचारतेय का म्हणून. मग म्हणाली, "कुणाची गं तू?"

आता हिला काय सांगू? पाच महिने रोज दहा-दहा तास ही बाई माझ्या समोर, पडद्यावर. पापणी लवायच्या आधी तिची भुवई किती हलते ते मला माहीत. मनात नसलेलं बोलायचं असलं की ती आधी पदर सारखा करते, हे तिच्या सख्ख्या भावाला माहीत नसेल, मला माहीत होतं. आणि तिने मला जन्मात पहिल्यांदा बघितलेलं. शूटिंगला एडिटरला कोण नेतं गं? एडिटर म्हणजे लग्नातला आचारी. जेवतात सगळे, तोंड कुणाला ठाऊक नसतं.

मी म्हटलं, "फिल्मवाल्यांच्या बरोबर आलेय. मशीन बघते." ती म्हणाली, "बग की मग," आणि आत गेली.

चार वर्षं झाली याला. मी तेव्हा तेवीसची. नावावर पहिलीच फिल्म. तोपर्यंत मी लग्नाचे व्हिडिओ जोडत होते, म्हणजे रडणाऱ्या बायका शोधायच्या आणि पाठवणीला लावायच्या. त्यातल्या निम्म्या जेवणाच्या रांगेत मिरची लागून रडत असायच्या, पण ते जाऊ दे. तर त्यातून उचलून मला विश्वजित मोहरीर सरांनी घेतलं. सरांना तू बघितलं नाहीस. खादीचा कुडता, गळ्यात मफलर, मे महिन्यात सुद्धा. एडिटच्या खोलीत भिंतीवर त्यांच्याच अक्षरात पाटी होती, 'आपण सत्याला हात लावत नाही.' आणि त्या पाटीखाली बसून आम्ही दिवसभर सत्याचे तुकडे करत होतो.

फिल्म होती घंटा ओतणाऱ्या कुटुंबावर. गडहिंग्लजच्या बाजूला, गावाचं नाव नको, उगाच. पांडबा ओतारी आणि त्यांची मोठी बहीण सुभद्राक्का, हे काम करणारी दोघंच उरलेली. देवळातल्या पितळेच्या घंटा, बैलांच्या गळ्यातल्या, सगळ्या. अक्का मातीचा साचा करायची, पांडबा त्यात पितळ ओतायचे. आता घंटेचा आवाज ठरतो कुठे? साच्यात. कुठे किती जाडी ठेवायची, ते सगळं अक्काच्या अंगठ्यात. पण पडद्यावर छान काय दिसतं? आग. वितळलेलं पितळ, ठिणग्या, घामेजलेला पांडबा. चिखलात हात घालून बसलेली म्हातारी कुणाला बघायचीय? अक्काच्या हातांचं अकरा मिनिटांचं शूटिंग होतं, इतकं सुंदर की मी ते जेवताना लावून बसायचे. फिल्ममध्ये ठेवले चाळीस सेकंद. सर म्हणाले, "रेवती, माती स्लो आहे."

आणि एक सांगते, ते लक्षात ठेव, पुढे लागेल. शूटिंगचे तिन्ही दिवस सरांनी सगळ्यांना तेच कपडे घालायला लावले होते. अक्का तीन दिवस त्याच हिरव्या लुगड्यात, पांडबा त्याच बंडीत. का? तर कुठलाही तुकडा कुठेही जोडता यावा. सत्याला हात लावायचा नसला तरी त्याच्या कपड्यांची व्यवस्था केलेली बरी.

आता खोकला. तिसऱ्या दिवशी पांडबा पडवीत भट्टीशी बसून बोलत होते आणि म्हणाले, "अक्कानं आपणहून..." आणि त्यांना ठसका लागला. लागला तो लागलाच. वळले, तांब्या उचलला, पाणी प्यायले, तोंड पुसलं, मग म्हणाले, "...सगळं सोडलंय. तिला काय नको." मला ठसका कापायचा होता. पण कापला की माणूस पडद्यावर एकदम टुणकन उडी मारल्यासारखा दिसतो. मग आम्ही काय करतो, त्या उडीवर दुसरं काहीतरी झाकतो. ऐकणाऱ्याचा चेहरा, हात, मांजर, काहीही. फाटलेल्या उशीला अभ्रा घालावा तसं.

मी शोधायला लागले आणि मला दुसऱ्या दिवशीचा रूम टोन सापडला. रूम टोन म्हणजे काय, तर मुलाखत संपली की साउंडवाला सगळ्यांना मिनिटभर गप्प बसवतो आणि त्या जागेची नुसती शांतता रेकॉर्ड करतो. नंतर बोलण्याचे तुकडे जोडताना मधल्या फटी त्याने बुजवायच्या. तेव्हा कॅमेरा बंद करायचा असतो. आमचा कॅमेरावाला विसरला होता. त्यामुळे माझ्याकडे सुभद्राक्काचं एक आख्खं मिनिट होतं, गप्प बसलेली, आणि त्या मिनिटात एकदा, अगदी सावकाश, समजूतदारपणे, ती मान हलवते. हो म्हणून. कशाला हलवली ते नंतर सांगते.

मी ती मान पांडबांच्या वाक्यावर लावली. "अक्कानं आपणहून," मान, "सगळं सोडलंय." पल्ले, असं बसलं ना. त्या दोघांनी सुद्धा कधी एकमेकांकडे तसं बघितलं नसेल. सरांनी बघितलं आणि डोळे मिटून घेतले. मग म्हणाले, "तिचा सगळा त्याग आहे या मानेत." मी प्रामाणिकपणे सांगितलं, की सर, हे रूम टोनमधलं आहे, ती काही ऐकत नव्हती. सर म्हणाले, "गप्प बसलेल्या माणसाच्या चेहऱ्यावर असतं तेच त्याचं सत्य." मला वाटलं, हा माणूस किती खोल आहे. तेवीस वर्षांची होते मी.

असो. पहिला खेळ गावात करायचा, हा सरांचा नियम. 'ज्यांची फिल्म त्यांना आधी.' आणि सरांना ऐनवेळी काहीतरी बदलायची खोड, म्हणून आम्ही तयार फिल्म न नेता लॅपटॉप आणि सगळं शूटिंग भरलेली हार्ड डिस्कच नेली होती. गावात गेल्यावर मला कळलं, की खेळ म्हणजे नुसता खेळ नाही. ज्या संस्थेने फिल्मला पैसे दिले होते, ती ओताऱ्यांच्या जागेवर मोठी कार्यशाळा बांधून देणार होती. नवी भट्टी, पत्र्याची शेड, शिकायला मुलं. अट एकच, जागा एका नावावर हवी. जागा होती दोघांच्या नावावर, पांडबा आणि अक्का. अक्काने हक्कसोडपत्रावर सही करायची की झालं. कागद तयार होता. संस्थेच्या नाडकर्णी मॅडम येणार, फिल्म बघणार, त्यांच्या समोर सही. हे सगळं मला पांडबांच्या बायकोने, मालनवहिनीने, पोहे वाढता वाढता सांगितलं. मी विचारलं, अक्का काय म्हणतात? वहिनी म्हणाली, "त्या काय म्हणणार? म्हणत्यात, बघू." आणि पुढे, "सही झाली तर काय त्यांना रस्त्यावर ठेवणार हाय व्हय? मागची खोली हाय की."

नाडकर्णी मॅडमची गाडी निपाणीच्या अलीकडे बंद पडली. गाव तर येऊन बसलेलं. खिडक्यांना घोंगडी लावलेली, पोरं पुढे, बायका डावीकडे. सर म्हणाले, आपण दाखवून टाकू, मॅडमसाठी तीनला पुन्हा लावू.

लावली. भट्टी पेटली की टाळ्या, पांडबा दिसले की शिट्ट्या. आणि मग ते वाक्य आलं. "अक्कानं आपणहून," मान, "सगळं सोडलंय. तिला काय नको." आणि आख्खा हॉल, पल्ले, आख्ख्या हॉलने एकदम सुस्कारा सोडला. बायकांनी डोळ्यांना पदर लावले. कोणीतरी म्हातारा मोठ्याने म्हणाला, "भण असावी तर अशी." मी मागे उभी होते आणि मला काय झालं असेल सांग? गुदगुल्या. माझ्या कटवर लोक रडत होते, आणि या वेळी मिरची सुद्धा नव्हती. मग शेवटी पाटी आली, 'संपादन: रेवती कोष्टी', मी तिचा फोटो काढला आणि आईला पाठवला.

फिल्म संपल्यावर पांडबा उठून उभे राहिले. नुसतं म्हणाले, "अक्का कदी तोंडानं बोलली न्हाई. आज समद्यांनी बगितलं." आणि रडले. खरे रडले. तो माणूस वाईट नव्हता गं, तेच तर. सरपंच म्हणाले, आता मॅडम आल्या की शुभकार्य उरकून घेऊ. बायका अक्काच्या भोवती. कुणी तिच्या पाया पडतेय, कुणी गळ्यात पडतेय. आणि अक्का मधोमध बसून पडद्याकडे बघत होती. पडदा तर कोरा होता.

सगळे पांडबांकडे जेवायला गेले. मला सामानापाशी थांबायचं होतं. अर्ध्या तासाने अक्का आली, ताटावर ताट झाकून. मसालेभात आणि वांग्याची भाजी. माझ्यासमोर ठेवलं आणि म्हणाली, "जेव. आणि ती मान परत लाव."

मी म्हटलं, "कुठली मान?"

"आता किती माना हायत माज्या?"

लावली. तिने वाकून बघितलं. आमच्या तिकडे बायकाही 'आलो-गेलो' म्हणतात ते तुला माहीत आहे ना, तसंच म्हणाली, "मी तर कदी हो म्हटलोच न्हाई. मग ही कोण?"

घास माझ्या हातात तसाच. मला वाटलं, सांगूनच टाकावं. मी मूळ क्लिप उघडली, दुसऱ्या दिवशीचा रूम टोन, आणि सुरुवातीपासून लावला. अक्का गप्प बसलीय. वीस सेकंद, तीस सेकंद. मग कडेला दारात मालनवहिनीचा हात दिसतो, चिमट्यासकट, नुसता हात. बोलायचं नाही म्हणून हाताने खूण करतेय, वर उचलल्यासारखी. अक्का तिकडे बघते आणि सावकाश, समजूतदारपणे मान हलवते. हो म्हणून. मिनिट संपतं, साउंडवाला 'झालं' म्हणतो, आणि अक्काचा आवाज येतो, "अगं उतरीव म्हटलं ते दूद, उतू गेलं की."

अक्का माझ्याकडे बघायला लागली. मला वाटलं आता ती रडणार किंवा मला मारणार, आणि ती हसायला लागली. असं हसली, असं हसली, की पदराने तोंड दाबून भिंतीला टेकली. "दुदावर घर गेलं गं माजं," म्हणाली, आणि परत हसली. मी पण हसायला लागले, पल्ले. तेवढी निर्लज्ज होते मी.

मग ती हसायची थांबली आणि मी थांबायला एक सेकंद उशीर केला.

मी म्हटलं, अक्का, माफ करा. मी ती मान आत्ताच्या आत्ता काढून टाकते. तिने विचारलं, काढल्यावर तिथं काय राहणार? मी म्हटलं, काही नाही, पांडबामामांचा ठसका दिसेल. ती म्हणाली, लोकांनी बघितलेली मान ठसक्यानं जातीय व्हय. मग मी म्हटलं, हे दुधाचं पेन ड्राइव्हमध्ये घालून देते, सगळ्यांना दाखवा. "म्हंजे मी दुदाला हो म्हटलो एवढंच कळंल. जागंला न्हाई म्हटलो, ते कुटं हाय त्यात?" मग मी शेवटचं शहाणपण काढलं. म्हटलं, "अक्का, तुम्ही सरळ उठून सांगा ना, मला सोडायचं नाही म्हणून. तोंडाने."

तिने माझ्याकडे असं बघितलं, लहान मुलाकडे बघतात तसं.

"तीस वर्सं सांगायलोय. साचा माजा, जागा निम्मी माजी, मी हितनं हलणार न्हाई. पांडबाला सांगितलं, सरपंचाला सांगितलं, त्या तुज्या सायबाला तर कॅमेऱ्यात सांगितलं. हाय का त्यात कुटं?"

होतं. दुसऱ्या दिवशीची, पाचवी क्लिप. पण तेव्हाच नेमका मागच्या रस्त्याने उसाचा ट्रॅक्टर गेला, गाणी लावून, आणि तिचा एक शब्द धड ऐकू येत नाही. साउंड खराब, म्हणून मी ती क्लिप कधीच बाजूला टाकली होती. मी तेही तिला लावून दाखवलं. ओठ हलताना दिसतात, ऐकू येतं ते ट्रॅक्टरवरचं गाणं.

अक्का म्हणाली, "बग. आणि न बोलता एकदा मान हलली, तर आख्खं गाव पाया पडायलंय." मग माझ्या ताटातली वांग्याची फोड एका बाजूला सारली, आणि म्हणाली, "पोरी, तीन दिवस हुबी हुती तुमची ती मशीन. कुटंतरी न्हाई म्हणून हलली आसंल की मान."

मला माहीत होतं कुठे. म्हणजे ती बोलायच्या आधीच माझ्या डोक्यात आलं होतं आणि मी ते दाबून बसले होते. तिसरा दिवस, सकाळ. अक्का साचा लिंपतेय, दोन्ही हात कोपरापर्यंत चिखलात, आणि तिच्या नाकावर माशी बसते. हात भरलेले, हाकलणार कशाने? ती मान हलवते. एकदा, मग जोरात, दोनदा. नाही म्हणून. डोळे वर उचललेले, भुवया आवळलेल्या. माशी एवढीशी, दिसत सुद्धा नाही. अकरा मिनिटांच्या त्या हातांत मी ते शंभरदा बघितलं होतं.

मी म्हटलं, "अक्का, आहे. पण ती माशी आहे."

"आसंना."

"म्हणजे ते पण खोटंच होईल ना."

"दुदाच्या वक्ताला न्हाई सुचलं तुला हे," अक्का म्हणाली. आवाज चढवून नाही, काही नाही. भाव विचारल्यासारखं. "किती येळाचं काम हाय?"

काम दोन मिनिटांचं होतं, पल्ले. तेच वाईट आहे या धंद्यात, सगळं दोन मिनिटांचं असतं. तेच हिरवं लुगडं, तीच पडवी, तोच उजेड. सरांनी कपड्यांची व्यवस्था करून ठेवलेलीच होती. मी दूध काढलं आणि माशी लावली.

तीनला मॅडम आल्या. चांगली बाई, हॉलमध्ये शिरताना चप्पल काढून आली. गाव परत बसलं, आता सगळ्यांना फिल्म पाठ. पुढच्या पोरांना कुठे टाळ्या वाजवायच्या ते माहीत. बायकांनी पदर तयार ठेवलेले. मी लॅपटॉपपाशी, माझे हात इतके गार पडलेले की मी ते लॅपटॉपच्या गरम बाजूला चिकटवून ठेवले होते. आणि आलं. "अक्कानं आपणहून," आणि पडद्यावर अक्काने मान वर केली, भुवया आवळल्या, आणि नाही. नाही, नाही. "सगळं सोडलंय. तिला काय नको."

एक पोरगं सवयीने टाळी वाजवायला गेलं आणि मधेच थांबलं. हॉलमध्ये अशी शांतता झाली ना, मला वाटलं, साउंडवाला असता तर म्हणाला असता, घेऊन ठेवूया. सर पहिल्या रांगेत होते. त्यांनी मान वळवून माझ्याकडे बघितलं आणि मी बघितलं छताकडे.

पांडबा उठले. म्हणाले, "सकाळी हो म्हणत हुती की."

आणि बायकांच्या रांगेतून अक्काचा आवाज आला, "सकाळी दूद हुतं."

कुणाला काही कळलं नाही. मालनवहिनीला सुद्धा नाही. मॅडम खुर्चीवरून उठल्या, चालत अक्कापाशी गेल्या आणि विचारलं, "बाई, तुमचं काय म्हणणं आहे?" तीस वर्षांत पहिल्यांदा कुणीतरी तिला सगळ्यांच्या देखत विचारत होतं. मी मनात म्हटलं, अक्का, आता बोल, आता तरी तोंडाने बोल. अक्काने आधी पदर सारखा केला आणि म्हणाली, "पडद्यावर बगितलंसा की."

सही झाली नाही. मॅडम म्हणाल्या, जागा दोघांच्या नावावर राहू दे, आमची अट आम्ही बदलू. सरपंच लगेच म्हणाले, मला सकाळीच शंका आली होती.

येताना गाडीत सर कोल्हापूरपर्यंत मफलर गुंडाळत-सोडत बसले. तावडे हॉटेलपाशी म्हणाले, "उद्यापासून येऊ नकोस." मी म्हटलं, बरं. म्हणाले, "तू सत्याला हात लावलास, रेवती." हे त्यांनी खरंच म्हटलं गं, मी तिखटमीठ लावत नाहीये. मी म्हटलं, सर, सकाळची मान पण मीच लावली होती. ते म्हणाले, "ती सूचक होती."

दोन दिवसांनी त्यांचाच फोन. नाडकर्णी मॅडमनी त्यांना दोन पानी पत्र पाठवलं होतं, की आजवर इतके माहितीपट बघितले, पण स्वतःच्या नायकाच्या तोंडावर त्याला खोटं ठरवणारा कट बघितला नाही, काय ही हिंमत. सर म्हणाले, "ती दुसरी मान राहू दे. माझ्याही डोक्यात तसंच काहीतरी होतं." पुढे त्या फिल्मला बक्षीस मिळालं, संपादनाचंच. पाटीवर 'संपादन: विश्वजित मोहरीर, रेवती कोष्टी'. स्टेजवर सर म्हणाले, आम्ही फक्त तिला बोलू दिलं. तेव्हापासून मला कामं मिळतात, पल्ले. 'ती मान लावणारी मुलगी' म्हणून. माझं सगळं करिअर एका माशीवर उभं आहे, हसत बस.

पण मी तुला सांगत होते ते हे नाहीच.

बक्षिसानंतर महिनाभराने दुपारी फोन आला. नंबर अनोळखी. "रेवतीबाय काय? मी पांडुरंग ओतारी." मी खुर्चीतून उठून उभी राहिले, एकटीच असताना. म्हणाले, गावच्या पोरानं नंबर काढून दिला. मी विचारलं, बरे आहात ना, अक्का कशा आहेत? म्हणाले, बरी हाय, साचं करती, मी ओततो. मग म्हणाले, बोलत न्हाई आमी. म्हंजे ती बोलती, मलाच तोंड वर करून बोलवत न्हाई. आणि मग म्हणाले, "एक इचारायचं हुतं. तू मशीनवर समदं बगितलंयस म्हणून."

मी म्हटलं, विचारा ना मामा.

"ती मान हलवत हुती, तवा मी तितंच हुतो. तीन हातांवर. त्याच पडवीत. म्हंजे तीस वर्सं ती न्हाई म्हणत आसंल आणि मी ऐकलं न्हाई, ते येक. मानूस ऐकत न्हाई कदीमदी. पन समोर मान हलत हुती, पोरी. मला दिसलं कसं न्हाई?"

बघ हं. माशी म्हणून सांगितलं, तर हा माणूस सुटतो. आणि तो सुटला की हक्कसोडपत्र कपाटातच आहे, फाडलेलं नाही. नाही सांगितलं, तर जी मान त्याच्यासमोर कधी हललीच नाही ती आयुष्यभर त्याला दिसत राहणार. तो फोनवर वाट बघत होता. त्याच्या मागे कुठेतरी कानस चालल्याचा आवाज येत होता.

मी म्हटलं, "मामा, तुम्हाला ठसका लागला होता. आठवतंय? तुम्ही वळून तांब्या घेतलात. तेवढ्यात हलली."

तिकडून नुसती त्या पडवीची शांतता, मी ओळखते ती, पाच महिने मी ती फटीफटीत भरली होती. मग ते म्हणाले, "व्हय. ठसका लागलता. लागलता खरा." आणि श्वास सोडला. "म्हणून दिसलं न्हाई." आणि फोन ठेवला.

त्या संध्याकाळी ते पहिल्यांदा अक्काशी बोलले, असं नंतर मालनवहिनीने सांगितलं. काय बोलले? तर म्हणाले, "ठसका लागलता गं मला." अक्का म्हणाली, "आसंना."

म्हणजे दूध मी लावलं, माशी मी लावली, आणि तिसरं हे, जे शूटिंगमध्ये कुठेच नाही, ते पण मीच. आता बोल तू. असं डोळे बारीक करून बघू नकोस, सरळ सांग. फोन तुझ्या हातात असता, तिकडे तो म्हातारा थांबलेला असता, तर तू काय सांगितलं असतंस?